खांद्यावरचा रंग

मागच्या दिवाळीच्या आवराआवरीत माळ्यावरच्या पत्र्याच्या पेटीतून आप्पांचा एक पांढरा शर्ट निघाला. टेरिकॉटचा, ताईच्या लग्नासाठी अमळनेरच्या शिंप्याकडून शिवून घेतलेला. आप्पा पांढऱ्याशिवाय दुसरा रंग घालत नाहीत. आमच्याकडे पांढरा शर्ट जुना झाला की आधी वावरात जातो आणि तिथून फडक्यात. हा मात्र दोन्हीकडे गेला नव्हता. डाव्या खांद्यावर तळहाताएवढा डाग होता. गुलाबीकडे झुकणारा, पिठूळ, कडेला जरा तेलकट. पाठवणीच्या वेळी ताई आप्पांच्या खांद्यावर डोकं टेकवून रडली, तेव्हा तिचा अर्धा चेहरा त्या शर्टावर उतरला होता. आईने त्यावर सगळं करून पाहिलं होतं. वडीचा साबण, सोडा, लिंबू, दगडावर घासणं, उन्हात टाकणं, परत साबण. आमच्या तालुक्यातल्या माणसांना तेल आणि साबण नवीन नाही. विप्रोची सुरुवातसुद्धा 1945 साली अमळनेरच्या तेलाच्या कारखान्यातूनच झाली. पण त्या डागापुढे आई हरली. तो फिकट झाला आणि तिथेच थांबला.

मी शर्ट घेऊन आरशापुढे गेले आणि खांद्याची बाजू गालाला लावून पाहिली. का, ते तेव्हा कळलं नाही. माझा आणि ताईचा रंग एकच आहे, पहिल्या पावसानंतरच्या बांधाच्या मातीचा. डागाचा रंग माझ्या गालाशेजारी पाहुण्यासारखा अवघडून बसला होता. मग मी घरातल्या एकेकाचा चेहरा डोळ्यांपुढे आणला. आई, आप्पा, आजी, दोन्ही काका, चुलतभाऊ, त्यांची पोरं.

तो रंग आमच्या घरात कुणाचाच नव्हता.

माझं लग्न तेव्हा नुकतंच ठरलं होतं. मुलगा शिरपूरचा, तारीख वैशाखातली, मुहूर्त गोरज. त्यामुळे असेल, किंवा शर्ट पेटीत परत ठेवताना आईने त्याची घडी ज्या काळजीने घातली त्यामुळे असेल, तो डाग माझ्या डोक्यातून जाईना. धुळ्याच्या शाळेत मी विज्ञान शिकवते. फळ्याकडे पाठ करून उभी असले तरी मधूनच वाटायचं, माझ्या लग्नात आप्पांच्या खांद्यावर कोणता रंग लागेल?

ताईचं लग्न सहा वर्षांपूर्वी मे महिन्यात झालं. मांडवात चार कूलर लावले होते आणि त्यांच्या वाळ्याच्या वासात वांग्याच्या घोटलेल्या भाजीचा वास मिसळला होता. पंगतीत वरण-बट्टीवर तुपाची धार पडत होती. शहरातून आलेल्या मेकअपवाल्या बाई मोठी पेटी घेऊन आतल्या खोलीत शिरल्या. दार तीन तास बंद होतं. ते उघडलं तेव्हा बाहेर थांबलेल्या बायकांच्या तोंडून एकदम निघालं, "काय गोरी दिसते गं!" आईचे डोळे भरून आले. ते पाणी खरं होतं. तिच्या पोरीला आयुष्यात पहिल्यांदा कुणीतरी गोरी म्हटलं होतं, तेही सगळ्या सोयऱ्यांसमोर. मी तेव्हा एकवीस वर्षांची होते. ताईचा लखलखीत चेहरा बघून माझ्या मनात काय आलं ते आज सांगते: माझ्याही लग्नात याच बाई हव्यात. फोटो पंधरा दिवसांनी आले. हार घालतानाच्या फोटोत ताईचे हात ओळखीचे होते, चेहरा दुसऱ्या गावचा. कान तर मध्येच कुठेतरी राहून गेले होते, अर्धे इकडचे, अर्धे तिकडचे. अल्बम दाखवताना आई त्या पानावर थांबत नसे.

दिवाळीत ताई माहेरी आली तेव्हा मी तिला शर्ट दाखवला. ती हसली, मग गप्प झाली. आम्ही दोघी ओट्यावर पणत्यांच्या वाती वळत बसलो होतो. वाती आमच्याकडे घरच्याच कापसाच्या. ती म्हणाली, "त्या दिवशी मला खूप छान वाटलं होतं. भीती दुसऱ्या दिवशी सकाळी वाटली." सासरी त्या पहिल्या सकाळी तोंड धुवायला मोरीत गेली तेव्हा तिच्या लक्षात आलं की या घरातल्या माणसांनी तिचा धुतलेला चेहरा एकदाच पाहिलाय, बघायला आले होते तेव्हा, आणि त्या दिवशीही आईने तिला पावडर लावली होती. पुढचे काही दिवस ती पहाटे सगळ्यांच्या आधी उठायची, अंधारात पावडर थापायची आणि मगच चुलीकडे जायची. कुणी काही म्हणालं नव्हतं. सासू भली बाई आहे. एक दिवस तिनेच ताईच्या हातातून डबी घेतली आणि देव्हाऱ्याजवळच्या कोनाड्यात ठेवून दिली. सहा वर्षं ताईने हे मला सांगितलं नव्हतं. मला वाटतं, तिने ते कुणालाच सांगितलं नव्हतं.

माझ्या बायोडाटातली गोष्ट यातच येते. आईने त्यात 'वर्ण: निमगोरा' असं लिहिलं होतं. निमगोरा हा शब्द मी बायोडाटाबाहेर कधी ऐकलेला नाही. नीम म्हणजे अर्धं. अर्ध्या गोऱ्या माणसाचा उरलेला अर्धा भाग कुठला, हे त्या कागदावर कुणी लिहीत नाही. मी तिथे 'सावळा' लिहिलं, आईने ते खोडलं, मी परत लिहिलं. आठवडाभर तो कागद असा खाडाखोडीत पडून होता. शेवटी आप्पांनी त्या ओळीच्या वरच्या कडेला फूटपट्टी धरली आणि अख्खी ओळच फाडून टाकली. कागद खालून एक बोट आखूड झाला. तोच आखूड कागद शिरपूरला गेला.

असं असूनही पहिल्या ट्रायलला मी हौसेने गेले. हे लिहायला हवं, कारण नाहीतर मी पहिल्यापासूनच ठाम होते असा कुणाचा समज होईल. पार्लर मोठं होतं, आरशाभोवती पिवळे दिवे, खुर्ची पाय टाकून बसायची. तिथल्या बाईंनी माझी हनुवटी वर केली, डावा-उजवा गाल बघितला आणि बाटली निवडून हाताच्या मागच्या बाजूवर एक थेंब लावला. हाताचा रंग आणि चेहऱ्याचा रंग एक नसतो, हे मला पेपरच्या पुरवणीत वाचून ठाऊक होतं, पण मी बोलले नाही. "दोन शेड वर घेऊ," त्या म्हणाल्या, "फोटोत बरं येतं." वर हा शब्द माझ्या कानात अडकला. रंगाला वर-खाली असतं ते जिन्यासारखं, आणि मी खालच्या पायरीवर उभी. पाऊण तासाने आरशात पाहिलं तर मी सुंदर दिसत होते. खरंच दिसत होते. नाक सरळ, डोळे मोठे, गाल लोण्यासारखे. हनुवटीवरचा व्रणसुद्धा नाहीसा झाला होता. लहानपणी कापसाच्या गाडीवरून पडून दगड लागला होता, त्याचा तो व्रण. मी बोट लावून बघितलं तेव्हा तो बोटाला लागला, डोळ्यांना दिसला नाही.

घरी येऊन मी खोबरेल तेल घेतलं आणि कापूस. वातींसाठी आईने सरकी काढून, पिंजून ठेवलेला. बोळा गालावरून फिरवला आणि उजेडात धरला. पांढऱ्या कापसावर तोच रंग होता. शर्टाच्या खांद्यावरचा.

सात बोळे लागले.

आमच्याकडे श्रावणात कानबाई बसते, आमची खान्देशातली देवी. नागपंचमीनंतरच्या रविवारी चौरंगावर नारळ मांडायचा, त्याला डोळे, नाक, नथ, मंगळसूत्र, लुगडं, हिरव्या बांगड्या. लहानपणी कानबाई सजवताना नथ माझ्या हातात द्यायचे. आजी मागून सांगायची, थोडी खाली, थोडी डावीकडे, आता दिसली बघ बाई. रात्रभर गाणी चालायची, सकाळी मिरवत नदीवर न्यायची, आणि मग रोटाचा प्रसाद. ट्रायलच्या त्या दिवशी बोळे टाकायला परसात गेले तेव्हा मला कानबाईचा चेहरा आठवला. नारळाचा. तपकिरी, शेंडीचे चार केस कपाळावर आलेला. अख्ख्या खान्देशात ती नवरीसारखी सजते, घरातलं सगळं सोनं तिच्या अंगावर चढतं, आणि आमच्या घरात तरी त्या नारळाला कुणी कधी पांढरा रंग दिलेला मला आठवत नाही. तिचा चेहरा नारळाचाच राहतो. सोनं त्याच्यावर उठून दिसतं ते त्यामुळेच, असं मला तेव्हा वाटलं आणि मी तशीच उभी राहिले, कापसाचे बोळे हातात घेऊन.

आजीला बोळे दाखवले. तिच्या कपाळावर आणि हनुवटीवर हिरवं गोंदण आहे. तेराव्या वर्षी लग्न झालं तेव्हाचं तिचं सगळं साजशृंगाराचं सामान म्हणजे हळद, घरचं कुंकू, एरंडेलाच्या दिव्यावर धरलेलं काजळ आणि तळहाताएवढा आरसा. तिने बोळा हातात घेऊन वास घेतला. म्हणाली, "पोरी, तोंड शे ते, भीत नही." भीत म्हणजे भिंत. आजी एवढं बोलून शेंगा फोडायला लागली.

पण हे एवढ्यावर मिटलं नाही, कारण आठवड्याभराने वावरात एक वेचणारी भेटली. कपाशीची शेवटची वेचणी चालू होती. आमच्याकडे वेचायला येते ती माझ्याच वयाची, मागच्या वर्षी तिचं लग्न झालं. तिच्या लग्नातला चेहरा मला आठवत होता, चुन्यासारखा पांढरा, ओठ लालभडक, भुवयांवर ठिपके. मी तेव्हा मनात नाक मुरडलं होतं. आता बांधावर बसून पाणी पिताना मी तिला सहज म्हणाले की माझ्या लग्नात फार काही लावणार नाही, साधंच. तिने बोटाला लागलेला काटा दाताने काढला. कपाशीच्या बोंडाच्या टोकांनी तिच्या बोटांची कातडी उललेली असते, नखांजवळ काळ्या चिरा. म्हणाली, "रोज तं मालेच देखस मी, ताई. एक दिन दुसरी दिसनू, ते काय बिघडनं?" मी विचारलं, आणि दुसऱ्या दिवशी? ती म्हणाली, "दुसरा दिनले हाईच तोंड, हाईच वावर." आणि ओटीत कापूस भरत पुढच्या ओळीत गेली.

मला उत्तर सुचलं नाही. अजूनही सुचत नाही. रोज उन्हात आठ तास वाकून काम करणाऱ्या बाईला एक दिवस स्वतःपासून सुट्टी हवी असेल, आणि ती तिला पांढऱ्या थरात मिळत असेल, तर पगारी नोकरी करणाऱ्या, सावलीत शिकवणाऱ्या मला त्यावर बोलायचा काय अधिकार? माझा चेहरा मला परवडतो. हे वाक्य लिहिताना मला बरं वाटत नाहीये, पण ते खरं आहे. ताईला जी भीती वाटली ती हिला वाटली नाही. हिने तो चेहरा एका दिवसासाठी भाड्याने आणला होता आणि दुसऱ्या दिवशी परत केला. ताईला मात्र लोकांनी तो चेहरा तिचाच आहे असं सांगितलं. फरक बहुतेक तिथे आहे. एका प्रसिद्ध क्रीमने 2020 साली नावातला गोरेपणाचा शब्द काढून टाकला, तेव्हा मी वर्गात मोठ्या उत्साहाने मुलींना ते सांगितलं होतं. एका मुलीने विचारलं होतं, "मॅडम, मग डबीत आतलं पण बदललं का?" तेव्हाही उत्तर नव्हतं माझ्याकडे.

आईशी भांडण झालं ते संक्रांतीनंतर. भांडण म्हणजे ती बोलली नाही. आमच्या घरात भांडण असंच असतं; भाकरी थापण्याचा आवाज वाढतो. दोन दिवसांनी ती म्हणाली, "नवरी नवरीसारखी नको दिसायला? लोक म्हणतील, सगळा पैसा मोठीच्या लग्नात संपला, हिला सजवलं पण नाही." तिच्या बाजूने बघितलं तर ती चुकत नव्हती. तिच्या लग्नात तिच्या तोंडाला हळदीशिवाय काही लागलं नव्हतं, कारण दुष्काळाचं वर्ष होतं. सजवणं ही तिच्यासाठी ऐपतीची गोष्ट आहे, आणि लेकीवर ऐपत खर्च केली हे चारचौघांना दिसलं पाहिजे. मी तिला म्हटलं, पैसे तेवढेच लागणार आहेत, उलट जास्त. हे खोटं नव्हतं. साधा दिसणारा मेकअप साधा नसतो. थर पातळ असले की हाताला माफी नसते. जाड थराखाली सगळं लपतं, पातळ थरात प्रत्येक चूक वर येते. मी सांगत होते आणि आई ऐकत होती. मग तिने एकच विचारलं, "लाल ओठ तरी?" मी हो म्हटलं. तिच्यासाठी म्हटलं, आणि नंतर ते मलाही आवडलं.

धुळ्यातच, देवपुरात राहणारी एक मुलगी घरीच हे काम करते, असं शाळेतल्या एका बाईंनी सांगितलं होतं. पंचविशीची असेल. तिच्याकडे पिवळे दिवे नव्हते, खिडकीशेजारी एक स्टूल होतं. तिने माझ्या जबड्याच्या कडेला, कानाखालून हनुवटीकडे, तीन बाटल्यांच्या तीन रेघा ओढल्या आणि मला हाताला धरून गच्चीवर नेलं. फेब्रुवारीतली सकाळ, स्वच्छ ऊन. आरसा हातात देऊन म्हणाली, "कोणती दिसत नाही?" मी निरखून पाहिलं. पहिली रेघ खडूसारखी, दुसरी राखेसारखी करडी. तिसरी कुठे होती ते शोधावं लागलं. गालाचा रंग संपून मानेचा कुठे सुरू होतो त्यात ती विरून गेली होती. "जी दिसेनाशी होते ती तुमची," ती म्हणाली. इतक्या वर्षांत माझ्या रंगाबद्दल खूप जणांनी खूप काही सांगितलं होतं, त्यावर उपायही सांगितले होते. माझ्या रंगाची बाटली असते आणि ती बाटली शोधून काढणं हे कुणाचं तरी कौशल्य असतं, हे मला त्या गच्चीवर पहिल्यांदा कळलं. डोळ्यांत पाणी आलं. तिने ते बघून न बघितल्यासारखं केलं.

ती कामाचं बोलत राहिली आणि मला तिचं बोलणं फार आवडलं, कारण त्यात सगळीकडे कारण होतं. लग्न गोरजावर, म्हणजे फोटो हॅलोजनमध्ये आणि फ्लॅशवर. उन्हापासून वाचवणाऱ्या क्रीममध्ये झिंक नाहीतर टायटॅनियम ऑक्साइड असतं, ते फ्लॅशचा उजेड परत फेकतं आणि फोटोत तोंड पिठासारखं पांढरं येतं. म्हणून सूर्य मावळल्यानंतरच्या मेकअपखाली ते नको. काहीच लावलं नाही तर त्या दिव्यांत चेहरा सपाट पडतो, नाक-गाल एक होतात. म्हणून थोडी सावली आणि थोडा लालसरपणा परत आणावा लागतो. आपल्याकडचं ऊन कोरडं, घाम येतो तसा उडतो, पावडर जास्त झाली की तासाभरात गालावर जमिनीसारख्या भेगा. पण मांडवात कूलर समोर असेल तर हवा ओली, तिथे उलट सगळं सुटायला लागतं. "तुमची खुर्ची कूलरच्या तोंडासमोर ठेवू देऊ नका, बाजूला ठेवा," असं तिने बजावलं. लग्नाच्या आठ दिवस आधीपासून नवीन कोणतीही क्रीम नको, फेशियल नको. मान, कान आणि हात विसरायचे नाहीत. हे शेवटचं ऐकलं तेव्हा मला ताईचा फोटो आठवला. मग ती माझ्या हनुवटीपाशी थांबली. "हा व्रण झाकू?" मी लगेच नाही म्हणाले नाही. थोडा वेळ घेतला. डोळ्यांखालची काळी वर्तुळं झाक म्हणाले, ती नको आहेत मला. व्रण राहू दे.

एक अडचण तिनेच काढली. "आदल्या दिवशी हळद लागणार. मग हा रंग चालणार नाही." हे मला सुचायला हवं होतं. हळदीतला रंग पाण्यात विरघळत नाही, तेलात विरघळतो. कितीही तोंड धुवा, एक-दोन दिवस कातडी पिवळसर दिसतेच. सातवीच्या वर्गात मी दर वर्षी हळदीची पट्टी करून दाखवते. साबणाचं पाणी टाकलं की लाल, लिंबू पिळलं की परत पिवळी. मुलं टाळ्या वाजवतात. आजीचं कुंकूही तेच आहे, हळकुंडाच्या पुडीत चुन्याची निवळी. आम्लारीत हळद लाल होते. आजीला हा शब्द ठाऊक नाही, प्रमाण ठाऊक आहे. देवपूरच्या मुलीने ठरवलं की ती जरा पिवळ्या छटेची आणखी एक बाटली आणेल आणि लग्नाच्या दिवशी तोंड बघून दोन्ही मिसळेल. माझ्या मेकअपचा रंग असा हळदीनंतर ठरणार होता.

हळदीच्या दिवशी चव्वेचाळीस अंश तापमान होतं. परसात पाट मांडला, भोवती तांबे, बायकांची अहिराणी गाणी, ज्यांत नवरीपेक्षा नवरीच्या मामीची चेष्टा जास्त. ओली हळद अंगाला लागली की क्षणभर गार वाटायचं आणि लगेच वाळून ताणायची. ताईने माझ्या पायांना लावली, आईने तोंडाला. आईचा हात माझ्या गालावर नेहमीपेक्षा जरा जास्त वेळ राहिला. संध्याकाळी हळदीचे कपडे धुताना काकू साबण घ्यायला लागल्या तर आजी ओरडली, पाण्यातून काढून तसेच दोरीवर टाका, सकाळी ऊन लागलं की जाईल. हळदीचा डाग ऊन पितं, असं ती म्हणते. तेही बरोबरच आहे, तो रंग उजेडात टिकत नाही.

दुसऱ्या दिवशी दुपारी आतल्या खोलीत मी खिडकीशेजारी बसले. दार उघडंच ठेवलं होतं. पोरं येत-जात होती, आजी खाटेवर बसून बघत होती. ओला स्पंज गालावर टपटप वाजत होता, पहिल्या पावसाच्या थेंबांसारखा. साडेतीन तास गेले. मधूनच देवपूरची मुलगी मला दारापर्यंत नेऊन उजेडात बघायची, परत बसवायची. काजळ घातलं, ओठ लाल केले. टिकलीचं पाकीट उघडलं तेव्हा आजी उठली. तिने तिची डबी आणली, अनामिकेने माझ्या कपाळावर मेणाचं बोट लावलं आणि त्यावर कुंकू टेकवलं, गोल, एका दमात. हात थरथरतो तिचा, पण तेव्हा थरथरला नाही. मुलीने पाकीट मिटलं. बाहेर आले तेव्हा कुणी एकदम काही म्हणालं नाही. ती शांतता मला लागली, खोटं कशाला बोलू. मला वाटलं होतं की मला काही वाटणार नाही. एका मावशीने आईला विचारलं, "मेकअप व्हायचाय का अजून?" आईचं तोंड उतरलं. मी तिच्याकडे बघत होते, आणि त्या क्षणी जर कुणी ती दोन शेड वरची बाटली हातात दिली असती तर मी काय केलं असतं, सांगता येत नाही. मग आईने माझ्या डोक्यावरचा पदर सारखा केला, बाशिंगाची दोरी मागे घट्ट बांधली आणि मावशीला म्हणाली, "झालाय. नीट बघ." मावशी जवळ आली. नीट बघितलं. "हां," म्हणाली, "लग्नातली तू दिसते ही." आई तिच्या लग्नात कशी दिसत होती त्याचा एकही फोटो आमच्याकडे नाही.

पाठवण रात्री साडेअकराला. आप्पांनी नवा पांढरा शर्ट घातला होता. मी त्यांच्या खांद्यावर डोकं टेकवलं तेव्हा शर्टाला स्टार्चचा, तंबाखूचा आणि दिवसभराच्या घामाचा वास होता. मी डाग पडेल म्हणून तोंड जरा बाजूला घ्यायला लागले, तर त्यांनी हाताने माझं डोकं परत खांद्यावर दाबलं. गाडी बेटावदवरून नरडाण्याला लागली आणि सावळद्याच्या पुलावर आली तेव्हा खाली तापी अंधारात होती, पाणी दिसलं नाही, नुसता गारवा आत आला. सासरी पोचल्यावर मी मोरीत तोंड धुतलं. बाहेर आले. सासूबाईंनी पाण्याचा तांब्या पुढे केला आणि विचारलं, "चहा घेशील की झोपतेस?"

सकाळी आईचा फोन आला. आधी प्रवासाचं विचारलं, जेवणाचं विचारलं, मग म्हणाली, "अगं, आप्पांच्या शर्टाला तुझं कुंकू लागलंय, खांद्यावर. बाकी काही नाही, नुसतं कुंकूच. साबण लावला तर अजून लाल झालं." मी तिला लिंबू पिळायला सांगितलं. फोन तसाच चालू होता. नळाचा आवाज, तिच्या बांगड्यांचा आवाज. "पिवळं झालं गं," ती म्हणाली, "हळदीसारखं." मी सांगितलं, आता उन्हात टाक, दोन दिवसांत जाईल. ती दोरीवर टाकते म्हणाली.

दुपारी मीच फोन केला. शर्ट वाळला का विचारलं. आई म्हणाली, "मी उन्हातच टाकला होता. आत्ता बघितलं तर तुझ्या आप्पांनी दोरीवरून काढून ओट्यावर सावलीत नेऊन ठेवलाय."